उजवीकडची कोरी पेशी

आमच्या घरातली खिडकी कांद्यांची होती. नांदेडच्या त्या भाड्याच्या घराला पूर्वेकडे एकच मोठी खिडकी. तिच्या रुंद कट्ट्यावर काचेचे पेले मांडलेले असत, पेल्यांत पाणी, आणि प्रत्येकाच्या तोंडावर एकेक कांदा बसवलेला. थोड्या दिवसांत कांद्याच्या बुडाला पांढरी मुळं सुटत आणि पाण्यात म्हाताऱ्याच्या दाढीसारखी लोंबत राहत. अप्पा, म्हणजे माझे वडील, रोज सकाळी ठरल्या वेळी ब्लेडनं त्या मुळांची टोकं कापत. सकाळचं ऊन कट्ट्यावर आलं की कांद्याच्या पेशी जास्त विभागतात असा त्यांचा अनुभव होता. ती वेळ हुकली की त्यांचा सगळा दिवस वाया. घरात तिला आम्ही कांद्याची वेळ म्हणत असू. कांद्याच्या वेळेला झाडू मारायचा नाही, मिरचीची फोडणी द्यायची नाही, खिडकीसमोरून जायचं नाही. गुरुद्वाऱ्याकडून पहाटेपासून येणारं कीर्तन तोवर थांबलेलं असे, आणि घरात फक्त काडीच्या बोथट टोकानं काचेवर टकटक केल्याचा आवाज येई. लाल रंगाचा थेंब, त्याचा सिरक्यासारखा नाकात चढणारा वास, खाली स्पिरिटचा दिवा, मग टिपकागदाखाली काच ठेवून तिच्यावर अंगठ्याचा दाब. अप्पांचा उजवा अंगठा कायम लाल असे. आजही कुणी सॅलडवर व्हिनेगर ओतलं की मी आधी खिडकीकडे बघते.

अप्पा कॉलेजात पेशीशास्त्र शिकवत. आमचं मूळ घर लातूरचं. गंजात, म्हणजे धान्याच्या बाजारपेठेत, घराण्याचं अडत दुकान होतं. तूर, ज्वारी, करडईची पोती उतरत, सौदा होई, आणि ते सगळं थोरले काका सांभाळत. अप्पा धाकटे. निजामाच्या राज्यात उर्दू शाळेत शिकलेले, पुढे हैदराबादला जाऊन एम.एस्सी. झालेले. पेशी त्यांना आधी ‘खलिया’ म्हणून भेटली, मग ‘सेल’ म्हणून, आणि आता तिच्यावर त्यांना मराठीत पुस्तक लिहायचं होतं, कारण खेड्यांतून कॉलेजात येणाऱ्या पोरांना इंग्रजी पुस्तक उघडलं की घाम फुटायचा. त्यांचं स्वतःचं संशोधन ज्वारीच्या गुणसूत्रांवर. थोरले काका आल्यागेल्याला सांगत, “आम्ही ज्वारी पोत्यानं मोजतो. आमचा शिवा एकेका दाण्याच्या पोटात शिरून मोजायलाय. ह्याचं माप कधी पुरं व्हायचं!” पण हे सांगताना त्यांची मान ताठ असे.

आंघोळ झाली की अप्पा कपाळाला विभूती लावून, गळ्यातलं इष्टलिंग डाव्या तळहातावर घेऊन बसत आणि त्याच्याकडे एकटक बघत. पापणीही लवत नसे. पूजा झाली की उठून तसेच खिडकीशी जात आणि मायक्रोस्कोपला डोळा लावत. पुस्तकापुरता कॉलेजातून आणलेला तो जुना पितळी मायक्रोस्कोप होता, खाली आरसा असलेला, उन्हावर चालणारा. आई त्याला दुर्बीण म्हणे. “सकाळी हातातलं बघता, दुपारी काचेतलं बघता,” ती म्हणायची, “घरात काय चाललंय ते कधी बघणार?” अप्पा डोळा न काढता म्हणत, “घरातलं तू बघतेस की.” इतर प्राध्यापक काही स्लाईडींसाठी नाकतोडे वापरत. आमच्या घरात एकही नाकतोडा मेला नाही. अप्पांनी ते काम कांद्याच्या फुलांतल्या कळ्यांवर भागवलं. आई त्यांना हसे, पण दर मंगळवारच्या बाजारात मुळं चांगली सुटतील असे कांदे तीच दाबून दाबून निवडे, आणि घरच्या पिठल्यासाठी उरलेसुरले घेई.

पुस्तकातल्या आकृत्या आईनं काढल्या. हे पुस्तकात कुठे लिहिलेलं नाही, म्हणून इथे लिहून ठेवते. ती निलंग्याची, सातवीपर्यंत शिकलेली. तिच्या माहेरी सणाला अंगणभर ठिपक्यांची रांगोळी असे आणि ती घालायचं काम लहानपणापासून तिच्याकडेच होतं. अप्पांना आधी कॉलेजातल्या एका चित्रकलेच्या माणसानं आकृत्या काढून दिल्या होत्या, पण त्यानं पेशींना पेन्सिलीनं सावल्या दिल्या, आणि त्या छापल्यावर नुसते काळे डाग दिसले असते. जीवशास्त्राच्या आकृतीत सावली ठिपक्यांची असावी लागते. गर्द जागी दाट ठिपके, फिक्या जागी विरळ. अप्पा वैतागून हे आईला सांगत होते, आणि ती म्हणाली, “आणा इकडं.” पाटावर कागद, बारीक निबचा टाक, काळी शाई. अप्पा पेन्सिलीनं बाह्यरेषा काढून देत. ती एक डोळा दुर्बिणीला लावून बघे, मग ठिपके देई. निब सरळ उभं धरायचं, ठिपक्याला शेपूट फुटता कामा नये. सुरुवात नेहमी डावीकडून. आणि रांगोळी असो की पेशी, अर्धी टाकून उठायचं नाही, हा तिच्या माहेरचा नेम. तव्यावर भाकरी करपली तरी ती शेवटचा ठिपका देऊन उठे. करपलेली भाकरी स्वतःच्या ताटात घेई आणि वर येसराची झणझणीत आमटी ओतून म्हणे, “आता कळतंय का करपलेली?” ती माझ्यासाठी बोललेली असे, पण अप्पाच हसत.

शेजारी घरमालकीण राहत. मी त्यांना खाला म्हणायची. त्यांच्या घराण्याचं बांगड्यांचं दुकान होतं आणि आईच्या हातात बांगड्या त्याच भरत. त्या वर्षी उन्हाळ्याच्या तोंडी बांगड्या भरताना त्यांनी आईचा हात धरून ठेवला. मनगटाच्या वर निळे-जांभळे चट्टे होते. “अगे दुल्हन, ये क्या है? मास्तर मारते क्या?” खाला हसत म्हणाल्या, पण हात सोडला नाही. आई म्हणाली, “न्हाई हो, पाट लागला असंल.” तिला पाट सारखाच लागत होता. दुपारी ती भिंतीला टेकून बसे. दात घासताना हिरड्यांतून रक्त येई, आणि ती चूळ भरून मोरीत पाणी ओतून टाके. मला हे दिसत होतं. अप्पांनाही दिसत असणार. कुणाच्या घरात कोण थकत नाही? आम्ही तिला गूळ-शेंगदाणे खा म्हणत होतो.

पुस्तकाच्या दोनच आकृत्या राहिल्या होत्या. एक रक्तातल्या पेशींची, आणि दुसरी पेशीविभाजनाच्या शेवटच्या अवस्थेची, एका पेशीच्या दोन झालेल्या. या दुसरीसाठी अप्पांना मनासारखी स्लाईड मिळत नव्हती. पुण्याचा प्रकाशक घाई करत होता. रक्ताच्या स्लाईडसाठी अप्पा नेहमी स्वतःचं बोट टोचत, पण त्या आठवड्यात कॉलेजात प्रात्यक्षिकं चाललेली. पोरं टोचून घ्यायला घाबरत, म्हणून अप्पा प्रत्येक तुकडीला आपलंच बोट देत, आणि त्यांची बोटं हुळहुळी झालेली. आई म्हणाली, “आज माझं घ्या. काढायचंय मला, तर रक्त बी माझंच असू द्या.”

कांद्याची वेळ नुकतीच टळली होती. ऊन चांगलं होतं. अप्पांनी स्पिरिटचा बोळा फिरवला, सुई टोचली, थेंब काचेवर घेऊन दुसऱ्या काचेच्या कडेनं सर्रकन पसरवला. ते त्यांना फार सफाईनं येई. मग रंग, मग पाणी, मग स्लाईड खिडकीशी उभी करून वाळवणं. आईनं बोट पदरात धरलं होतं. पदर बघते तर ठिपका वाढत चाललेला. अप्पा स्टुलावर बसून, आईला काढायला सोपी जाईल अशी जागा शोधत होते. एरवी ती पटकन सापडे. त्या दिवशी ते शोधतच राहिले.

“काय झालं?” आई म्हणाली.

“स्लाईड बिघडली. रंग नीट बसला नाही.”

“मग दुसरं घ्या.”

त्यांनी दुसऱ्या बोटाला टोचलं. पुन्हा रंग, पुन्हा पाणी. या वेळी त्यांनी तेलाचा थेंब टाकून सगळ्यात मोठं भिंग लावलं, जे ते घरी सहसा लावत नसत. बघताना त्यांचा पूजेतला चेहरा झाला, पापणी न लवणारा. मी त्यांच्या मागे उभी होते आणि मला वाटलं, काहीतरी फार चांगलं सापडलंय.

“ही पण बिघडली,” ते म्हणाले.

“माझ्या रक्ताला रंगच लागंना जणू,” आई हसली. “नंदाचं घेऊन बघा.”

“राहू दे आज.”

“घ्या म्हणते ना. ऊन जाईल.”

मी बोट पुढे केलं. टोचल्याचं आठवत नाही, अप्पांचा हात थंड होता ते आठवतं. माझी स्लाईड त्यांनी क्षणभर बघितली आणि ते स्टुलावरून उठले. “ही झाली. बस, काढ.”

आई बसली नाही. ती बघत होती. बिघडलेल्या स्लाईडी आमच्या घरात साबणाच्या पाण्याच्या भांड्यात टाकायच्या असत. संध्याकाळी मी त्या धुई आणि पुन्हा वापरायला पुसून ठेवी. अप्पांनी त्या दोन स्लाईडी पुसल्या नाहीत, भांड्यात टाकल्या नाहीत. कागदात गुंडाळून सदऱ्याच्या खिशात ठेवल्या. ठेवल्यावर त्यांनी मान वर केली तर आई समोर उभी. मग ती स्टुलावर बसली, दुर्बिणीला डोळा लावला, आणि दुपार कलेपर्यंत माझ्या रक्तातल्या पेशी काढत राहिली. बोटाला चिंधी बांधलेली होती आणि तिच्यावर लाल डाग पसरत होता, म्हणून टाक तिनं अंगठा आणि मधल्या बोटात धरला. सगळे ठिपके दिल्यावरच उठली. पुस्तकाच्या सातव्या प्रकरणात ती आकृती आहे. तिच्याखाली ‘निरोगी मानवी रक्त’ असं लिहिलंय.

नांदेडच्या डॉक्टरांनी हैदराबादला जा म्हटलं. आम्ही रेल्वेनं गेलो. मोठ्या दवाखान्यात अप्पा आणि तिथले डॉक्टर आत, आई आणि मी बाहेरच्या बाकावर. दार अर्धवट उघडं होतं. आत अप्पांनी खिशातून त्या स्लाईडी काढून दिल्या असणार, कारण थोड्या वेळानं दोघांचं बोलणं सुरू झालं, उर्दूत, मध्येच इंग्रजीत. अप्पा काहीतरी विचारत, डॉक्टर सांगत, पुन्हा अप्पा विचारत. वर्गात एखाद्या हुशार पोराशी बोलताना त्यांचा आवाज जसा भरून येई तसा आला होता. “बघ, किती रंगलेत,” आई मला म्हणाली. मग अप्पा बाहेर आले. त्यांच्या चेहऱ्यावर अजून ते बोलणं होतं. आम्ही दोघी दिसलो, आणि ते बोलणं तिथेच, आमच्या देखत, विझलं. “चला,” ते म्हणाले. आईनं पिशवी उचलली. काय झालंय हे तिनं विचारलं नाही. गाडीत बसल्यावर एवढंच म्हणाली, “बिघडल्या नव्हत्या ना त्या?” अप्पांनी खिडकीबाहेर बघत मान हलवली. नाही.

त्या काळी औषधं थोडी होती. जी होती ती दिली. ताप उतरे आणि परत चढे. मी शाळेत जाई, अप्पा कॉलेजात जात, आणि घरी तिच्याजवळ बसायला खाला येत. पण तसं किती दिवस चालणार? थोरल्या काकांचा निरोप आला की लातूरला या, इथं घरभर माणसं आहेत. आम्ही गेलो. कांदे खिडकीत तसेच राहिले. अप्पांनी सोबत मायक्रोस्कोप घेतला नाही, फक्त कागदांची गुंडाळी घेतली. हैदराबादहून परतल्यावर एका सकाळी त्यांना शेवटच्या अवस्थेची मनासारखी पेशी सापडली होती. त्यांनी तिची बाह्यरेषा काढून ठेवली होती. दोन पेशी शेजारी शेजारी, मध्ये नुकतीच घातलेली भिंत. ठिपके द्यायचे होते.

लातूरला आम्हाला गंजाच्या बाजूची माडी दिली. सकाळपासून खालून पोत्यांची धपधप, हमालांच्या हाका, सौद्याचे आवाज येत. हवेत तुरीच्या भुशाची खाज असे. थोरली आई, म्हणजे काकांची बायको, मऊ भात, दूध, ज्वारीची आंबील घेऊन जिना चढे आणि तेवढंच घेऊन उतरे. मठातल्या स्वामींची विभूती आली, ती आईच्या कपाळाला लागली. अप्पांनीच लावली.

थोरले काका मोठ्या आवाजाचे गृहस्थ. अडत्याला आवाज लागतोच. एके दिवशी सौदा आटोपल्यावर त्यांनी अप्पांना दुकानात बोलावलं. मी पाण्याचा तांब्या घेऊन गेले होते, तिथेच उभी राहिले.

“शिवा, मला एक सांग. तू पेशीचंच पुस्तक लिहायलास न्हवं?”

“हो, अण्णा.”

“मग डॉक्टर म्हणतोय तिच्या रक्तातल्या पेशीच बिघडल्यात. बरोबर?”

“हो.”

“अरे मग तुझ्याच दुकानातला माल हाय की ह्यो! दुसरीकडं कशाला हिंडायचं? तूच काय ते बघ आन् कर.”

अप्पा गादीच्या काठावर बसले होते. ते म्हणाले, “मी बघतोच आहे, अण्णा. मला बघताच येतं फक्त. कोणती पेशी आहे, कशी बिघडली, किती आहेत, हे मी सांगू शकतो. त्याच्या पुढचं मला येत नाही. कुणालाच नीट येत नाही.”

काकांना हे कळेना. ते रागावले नव्हते. त्यांना खरंच कळत नव्हतं. “एवढं शिकलास,” ते म्हणाले. “एवढं बारीक बारीक शिकलास.” मग माझ्या हातातला तांब्या घेऊन ते स्वतःच पाणी प्यायले आणि रिकामा तांब्या बराच वेळ हातात धरून बसले.

आमच्याकडे थोरला दीर धाकट्या भावाच्या बायकोशी थेट बोलत नसे. ती डोक्यावरून पदर घेऊन आत सरकायची, आणि काही सांगायचं असेल तर पोराबाळांच्या मार्फत. लग्न झाल्यापासून काका आणि आई एकमेकांशी एक शब्द बोलले नव्हते. त्या संध्याकाळी काका जिना चढून आले, दारात उभे राहिले, आणि भिंतीकडे तोंड करून म्हणाले, “बाई, काय खावं वाटतंय का?”

आई दचकली. तिनं पडल्या पडल्या पदर डोक्यावर ओढला. उत्तर मात्र तिनं मलाच दिलं, “काकांना सांग, हुरडा खावा वाटतोय.”

चैत्र संपत आला होता. हुरडा थंडीतला. कोवळ्या कणसांचे दिवस जाऊन कितीतरी दिवस झाले होते. ज्वारी कापून, मळून, पोत्यांत भरून काकांच्याच वखारीत थप्प्या लागल्या होत्या. हे तिला माहीत नव्हतं का? शेतकऱ्याची लेक होती ती. काका “बरं” म्हणाले आणि उतरले. दुसऱ्या दिवशी त्यांनी विहिरीचं पाणी असलेल्या सगळ्या ओळखीच्या माणसांकडे विचारायला धाडलं. निलंग्याकडे माणूस गेला, औशाकडे गेला. कुणाकडे गुरांच्या वैरणीसाठी पेरलेली कडवळ होती, तिला कणसंच नव्हती. लातूरच्या गंजात ज्याच्या शब्दावर ज्वारीचा भाव हले, त्या माणसाला मूठभर हुरडा मिळाला नाही. शेवटी त्यांनी ज्वारीच्या लाह्या भाजून आणल्या आणि वाटी माझ्या हातात दिली. जिना चढले नाहीत. आईनं थोड्या तोंडात टाकल्या. “सांग त्यांना, हुरड्यासारख्याच लागल्या.” मी खाली जाऊन सांगितलं. काका पोत्यांकडे बघत होते. “लाह्या कशा लागतील गं हुरड्यासारख्या,” ते म्हणाले. मोठा आवाज करायची सवय असलेल्या माणसाचा हळू आवाज मी तेव्हा पहिल्यांदा ऐकला.

त्यानंतर आईनं पाट मागितला. अप्पा नको म्हणाले. ती म्हणाली, “पुस्तक थांबलंय माझ्यापायी.” तिला उशांना टेकवून बसवलं, मांडीवर पाट, पाटावर कागद. अप्पा शाईची दौत धरून बसत आणि ती टाक बुडवे. हात कापत नव्हता. उशीर लागे, एवढंच. थोडे ठिपके दिले की डोळे मिटून पडे, दौत अप्पांच्या हातात तशीच. डावीकडची पेशी अशी कितीतरी दुपारी चालली. मी ती पुढे असंख्य वेळा बघितली आहे. तिच्यासारखी दुसरी त्या पुस्तकात नाही. गुणसूत्रांच्या भोवती नुकतंच आवरण धरू लागलेलं आहे आणि ते ठिपक्यांतून जाणवतं, रेषा कुठेच नाही. शेवटचा ठिपका दिल्यावर तिनं कागद लांब धरून बघितला. “ही झाली,” ती म्हणाली. “उजवी उद्या घेऊ. पाट इथंच राहू द्या.”

पाट तिथेच राहिला. दुसऱ्या दिवशी तिला उशांना टेकता आलं नाही. अप्पा तिच्या डोळ्यांकडे बघत बसले होते, एकटक. मी त्यांच्याकडे बघत होते आणि मला वाटत होतं, ते काहीतरी करतील. मला शेवटपर्यंत वाटत होतं. खाली सौदा चालू होता, मग कुणीतरी जाऊन सांगितलं आणि सौदा थांबला. गंजातला आवाज भर दुपारी बंद पडला. आमच्यात दहन नसतं. काकांच्या शेतात तिला बसवून समाधी दिली, डाव्या तळहातावर तिचं इष्टलिंग ठेवून. अप्पांनी विभूती टाकली.

नांदेडला परतलो तर खालांनी कांद्यांचे पेले काढून घासून ठेवले होते. मी अप्पांना विचारलं, “उजव्या पेशीला मी देऊ का ठिपके? मला येतात.” मला खरंच येत होते, तिनं शिकवले होते. अप्पा म्हणाले, “नको.” प्रकाशकाला त्यांनी कागद तसाच पाठवला. तिकडून विचारणा आली की आकृती अपुरी आहे, आमचा चित्रकार पुरी करील. अप्पांनी कळवलं, आहे तशी छापा. तशीच छापली. डावीकडची पेशी भरलेली, उजवीकडची नुसती रेषा.

ते पुस्तक चाललं. त्याच्या आवृत्त्या निघाल्या. अप्पांनी पुढे आणखी तीन पुस्तकं लिहिली, त्यातलं गुणसूत्रांवरचं अजून लोक नावाजतात. पण त्या तिन्हींत हातानं काढलेली एकही आकृती नाही, सगळे फोटो आहेत. ज्वारीवरचं त्यांचं काम बाहेरदेशी वाचलं गेलं, ते परिषदांना गेले, परीक्षक म्हणून लातूर, उदगीर, देगलूर करत फिरले. आणि मराठवाड्यातल्या कॉलेजांत पोरं प्रात्यक्षिकाच्या वहीत विभाजनाची शेवटची अवस्था काढताना डावी पेशी ठिपक्यांनी भरून उजवी कोरी ठेवू लागली, कारण पुस्तकात तशी होती. शिक्षकही फळ्यावर तशीच काढत. मी बी.एस्सी.ला होते तेव्हा माझ्या शेजारच्या मुलीनं मला सांगितलं, “उजवी कोरी ठेवायची असते गं, मार्क जातात नाहीतर.” मी कोरी ठेवली.

अप्पा मागच्या हिवाळ्यात गेले. नव्वदी ओलांडलेली होती, शेवटची वर्षं माझ्याकडेच होते. दृष्टी शेवटपर्यंत स्वच्छ. एकदा दुपारी चहा पिता पिता, काही विषय नसताना, ते म्हणाले, “तुझ्या आईची स्लाईड फार सुंदर रंगली होती, नंदा. तसा रंग मला पुन्हा साधला नाही.” मी कप खाली ठेवला. नुसती त्यांच्या अंगठ्याकडे बघत राहिले. तो केव्हाच पांढरा झाला होता.

त्यांना लातूरला नेऊन आईच्या शेजारी बसवलं. त्यानंतर आठवडाभर काकांच्या नातवाच्या घरी माणसं भेटायला येत होती. एके सकाळी निलंग्याहून एक गृहस्थ आले, निवृत्त प्राध्यापक, माझ्याहून थोडे लहान. “मी सरांच्या वर्गात नव्हतो,” ते म्हणाले. “मी पुस्तकाचा विद्यार्थी. सर मला एकदाच भेटले, उदगीरला प्रात्यक्षिकाच्या परीक्षेला.” मग थोडं घुटमळून म्हणाले, “एक विचारू का ताई? लई वर्षं मनात हाय. त्या आकृतीतली उजवी पेशी सगळे कोरी ठेवायचे. मला वाटलं, असं कसं? दोन्ही सारख्याच असतात की. मी दोन्ही भरल्या. सरांनी वही उघडली, ते पान बघितलं. बघतच राहिले. मला विचारलं, ‘ही कुणी भरली?’ मी घाबरलो. म्हटलं, सर, मीच. त्यांनी वही मिटली, उठले, आन् बाहेर व्हरांड्यात जाऊन उभे राहिले. परत आले तेव्हा सही केली, मार्क बी पूर्ण दिले. पण मी पुढं तीस-पस्तीस वर्षं शिकवलं, आन् पोरांना कोरीच ठेवायला सांगितली. म्हटलं, आपलंच काहीतरी चुकलं असंल. चुकलं होतं का माझं?”

“नाही,” मी म्हणाले. “बरोबर होतं तुमचं.”

“मग तिथं खरं काय होतं?” त्यांनी खिशातलं पेन काढलं, समोरच्या वर्तमानपत्राच्या कडेला शेजारी शेजारी दोन गोल काढले, मध्ये भिंत. सवयीनं डावीकडून सुरुवात करून ठिपके दिले. निब उभं धरून, शेपूट न फुटू देता. डावी भरली. उजवीवर त्यांचा हात थांबला आणि त्यांनी पेन माझ्यापुढे केलं.

मी ते घेतलं. मग टोपण लावून त्यांना परत दिलं.

“आईला मध्येच उठावं लागलं,” मी म्हणाले.